ट्रॅक्टर-जेसीबीचा अपघात आणि केसपेपरावरची एक ओळ

मागच्या ऊस हंगामानंतरची गोष्ट. रविवारी विहारातली वंदना आटोपल्यावर एक ताई प्लॅस्टिकची पिशवी घेऊन आमच्याजवळ आल्या. पिशवीत केसपेपर, दोन एक्स-रे, डिस्चार्ज कार्ड आणि औषधांच्या बिलांची गड्डी होती. त्यांचे मालक मांडीचे हाड मोडून तीन महिने घरात पडून होते. मुकादमाने पहिले बिल भरले आणि नंतर फोन उचलणे बंद केले. "भरपाईचा अर्ज करा म्हणतात, तर एवढे कागद बघून द्या," इतकेच ताईंचे म्हणणे होते.

डिस्चार्ज कार्ड इंग्रजीत होते. त्यात एक ओळ होती, तिचा अर्थ असा : पायरीवरून घसरून पडल्याचे सांगतात. ती ओळ आम्ही मराठीत वाचून दाखवली, तशा ताई म्हणाल्या, "अहो, फडावरच्या आमच्या कोपीला पायरी आली कुठून?"

खरी हकीकत वेगळी होती. कारखान्यावर ऊस खाली करून रिकामी ट्रॉली घेऊन परतणाऱ्या ट्रॅक्टरच्या मडगार्डवर ते बसले होते. डांबरी रस्त्यावर ट्रॅक्टर खड्ड्यात आदळला, ते खाली पडले आणि ट्रॉलीचे चाक मांडीवरून गेले. दवाखान्यात मुकादम बरोबर होता. "ट्रॅक्टरचं नाव काढलं तर पोलीस केस होईल, मग खर्च कोण करणार? पायरीवरून पडला म्हणून सांगा," असे त्याने वाटेतच पढवले होते. डॉक्टरांशी बोललाही तोच.

या अंकात आम्ही त्या एका ओळीबद्दल लिहिणार आहोत. जखमी माणूस दवाखान्यात आला की डॉक्टर विचारतात, "कसे लागले?" त्याचे उत्तर केसपेपरावर एका ओळीत उतरते. पुढे त्या ओळीवरून एक कोड ठरतो. उपचार, भरपाई आणि सरकारदरबारची मोजणी या तिन्ही गोष्टींना ती ओळ पुरते. म्हणून ती कशी लिहिली जाते, हे प्रत्येक घराने समजून घेतले पाहिजे.

एका जखमेला दोन कोड

जगभरच्या रुग्णालयांत आजारांची आणि मृत्यूच्या कारणांची नोंद एकाच यादीप्रमाणे व्हावी, म्हणून आंतरराष्ट्रीय रोग वर्गीकरण केलेले आहे. त्याला इंग्रजी आद्याक्षरांवरून आयसीडी म्हणतात. याची सुरुवात जाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ साली मांडलेल्या मृत्यूच्या कारणांच्या यादीपासून झाली. १९४८ मध्ये हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले. सध्या आपल्याकडे ओळखीची आहे ती तिची दहावी आवृत्ती, आयसीडी-१०. तिला १९९० मध्ये मंजुरी मिळाली. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, तरी आपल्या कागदांवर अजून दहावीचेच कोड दिसतात.

'मेडिकल कोडिंग' हा शब्द काही घरांना नोकरीमुळे माहीत असेल. आपली शिकलेली मुले-मुली पुण्या-मुंबईच्या कार्यालयांत बसून अमेरिकेतील रुग्णांचे कागद वाचतात आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक इजेला कोड लावतात. ते वापरतात ती अमेरिकेची वाढवलेली आवृत्ती, जी तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून चालू आहे. मूळ सांगाडा मात्र तोच.

या सांगाड्यात इजेला दोन बाजूंनी कोड लागतो. पहिला कोड सांगतो, शरीराला काय झाले. तो एस किंवा टी या अक्षराने सुरू होतो. मांडीचे हाड मोडले तर एस ७२, गुडघ्याखालचा पाय मोडला तर एस ८२, डोक्याच्या आत मार लागला तर एस ०६. दुसरा कोड सांगतो, ते कशामुळे झाले. तो व्ही, डब्ल्यू, एक्स, वाय या अक्षरांत असतो. वाहनाचे अपघात व्ही अक्षरात येतात.

पहिला कोड एक्स-रे पाहून ठरतो, तिथे खोटे चालत नाही. दुसरा कोड मात्र केवळ सांगितलेल्या हकीकतीवरून ठरतो. ताईंच्या मालकांचे हाड मोडले हे खरेच होते, पण 'पायरीवरून पडला' लिहिल्यामुळे दुसरा कोड झाला डब्ल्यू १०, म्हणजे जिन्यावरून किंवा पायरीवरून पडणे. कागदावर ट्रॅक्टर उरलाच नाही.

रस्त्यासाठी न बनलेली वाहने

मोटार, ट्रक, बस, रिक्षा, मोटारसायकल यांचे कोड वेगळे आहेत. जी वाहने मुळात रस्त्यावर धावण्यासाठी बनवलेली नाहीत, त्यांच्यासाठी चार गट आहेत.

व्ही ८३ : कारखाना, गोदाम, खाण अशा आवारात चालणारी वाहने. माल उचलणारी फोर्कलिफ्ट यात येते.

व्ही ८४ : शेतीची वाहने. ट्रॅक्टर, ट्रॉली लावलेला ट्रॅक्टर, कापणी-मळणीचा हार्वेस्टर.

व्ही ८५ : बांधकामाची वाहने. माती उकरणारे यंत्र, म्हणजे आपण ज्याला सरसकट जेसीबी म्हणतो ते, तसेच बुलडोझर, डंपर आणि रोडरोलर.

व्ही ८६ : वाळू, चिखल, बर्फ, खडकाळ जमीन यांवर चालण्यासाठी खास बनवलेली वाहने. रायगडच्या किनाऱ्यांवर पर्यटकांना फिरवणारी जाड टायरची चारचाकी याच गटातली. अमेरिकेत या गाड्या शेतावर, जंगलात आणि खेळासाठी वापरल्या जातात. म्हणून तिथल्या यादीत या एका गटाचे कितीतरी पोटभाग आहेत : बर्फावरची गाडी वेगळी, मातीतली मोटारसायकल वेगळी. शेवटी एक अक्षरही जोडतात, त्यावरून उपचार चालू आहेत, जखम भरत आहे की जुन्या इजेचा परिणाम मागे राहिला आहे, ते कळते.

इथे एक गोष्ट लक्षात ठेवावी. वाहन कुठे चालले होते यावरून गट ठरत नाही, ते कशासाठी बनवले आहे यावरून ठरतो. जीप कच्च्या वाटेने गेली तरी ती मोटारीच्याच गटात राहते आणि ट्रॅक्टर डांबरी रस्त्यावर आला तरी तो शेतीचेच वाहन राहतो.

आपल्या वस्त्यांतले लोक या वाहनांच्या जवळ रोज असतात. कोणी ऊसतोडीला जातो, कोणी वीटभट्टीवर, कोणी रस्त्याच्या कामावर, कोणी गोदामात हमालीला. ट्रॅक्टर दुसऱ्याचा, जेसीबी ठेकेदाराचा, पण त्यावर लटकणारा आणि त्याच्यासमोर फावडे घेऊन उभा असणारा माणूस आपला असतो. म्हणून हे कोड आपल्याला परके नाहीत.

बिंदूनंतरचा आकडा

व्ही ८४ एवढे लिहून कोड पुरा होत नाही. त्यापुढे बिंदू आणि एक आकडा असतो. जखमी माणूस वाहनावर कोण होता आणि अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला की बाहेर, या दोन प्रश्नांची उत्तरे त्या एका आकड्यात असतात. चारही गटांना तेच आकडे आहेत.

रस्त्यावरच्या अपघातात चालवणारा असेल तर शून्य, आत बसलेला असेल तर एक, बाहेर बसलेला किंवा लटकलेला असेल तर दोन, कोण होता ते कळत नसेल तर तीन.

शेतात, आवारात, साइटवर म्हणजे रस्त्याबाहेरच्या अपघातात चालवणाऱ्याला पाच, आत बसलेल्याला सहा, बाहेरच्याला सात, कळत नसेल तर नऊ.

चढताना-उतरताना लागले तर चार.

'बाहेर' कोणाला म्हणायचे याचीही व्याख्या आहे. चालकाची व प्रवाशांची जागा आणि माल ठेवण्याची जागा सोडून इतर कुठेही बसलेला माणूस 'बाहेर' धरतात. मडगार्डवर, पायरीवर, टपावर बसलेला माणूस बाहेरचा. ट्रॉलीच्या आत बसलेला माणूस मालाच्या जागेत असतो, म्हणून तो आत बसलेल्यांत मोजला जातो. पायी चाललेल्या माणसाला वाहनाने धडक दिली तर त्याचा गट निराळा, व्ही ०१ ते व्ही ०९. वाहन एका जागी उभे करून त्याचे यंत्र चालवताना किंवा दुरुस्त करताना हात सापडला, तर तो वाहन-अपघात धरतच नाहीत, यंत्राने झालेली इजा धरतात.

आता ताईंच्या मालकांचा कोड लावून पाहू. शेतीचे वाहन, मडगार्डवर बसलेले, सार्वजनिक रस्ता. व्ही ८४.२. एवढ्या चार अक्षर-आकड्यांत त्यांची सगळी हकीकत बसते.

न सांगितले तर काय धरतात?

कागदावर जागा लिहिलेली नसेल तर कोड लावणाऱ्याने काय करायचे, याचा नियम आयसीडी-१० मध्येच दिलेला आहे. मोटार, ट्रक, मोटारसायकल यांचा अपघात असेल आणि जागा लिहिली नसेल, तर तो रस्त्यावरचा धरायचा. पण व्ही ८३ ते व्ही ८६ या चार गटांतले वाहन असेल आणि जागा लिहिली नसेल, तर तो रस्त्याबाहेरचा धरायचा.

याचा अर्थ नीट ध्यानात घ्या. ट्रॅक्टर भर हमरस्त्यावर उलटला, पण केसपेपरावर फक्त 'ट्रॅक्टरवरून पडला' एवढेच असेल, तर नियमाप्रमाणे तो अपघात रस्त्याबाहेरचा मोजला जाईल. कोड लावणारा माणूस बरोबरच असेल. चूक त्या अपुऱ्या ओळीची असेल.

दुसऱ्या टोकाला घाईत लिहिलेले 'आर.टी.ए.' असते, म्हणजे रस्ता-अपघात. नुसते तेवढेच असेल तर कोड होतो व्ही ८९.२. रस्त्यावर कोणत्या तरी मोटार वाहनाने अपघात झाला, वाहन माहीत नाही, असा त्याचा अर्थ. नुसते 'पडला' लिहिले तर डब्ल्यू १९, कुठून पडला माहीत नाही. अशा कोडांच्या ढिगात ट्रॅक्टर, डंपर, जेसीबी सगळे हरवतात. वर्षाच्या शेवटी आकडे काढणाऱ्याला दिसतात ती फक्त 'पडलेली' माणसे. मग मडगार्डवर बसवून मजूर नेणे थांबवा, ट्रॉलीला मागे लाल दिवा लावा, साइटवर यंत्र मागे घेताना इशारा देणारा माणूस ठेवा, असे कोणी कशाच्या आधारावर म्हणणार?

आणखी एक जोड-आकडा आहे, त्याला क्रियेचा कोड म्हणतात. इजा झाली तेव्हा माणूस काय करत होता, ते तो सांगतो. खेळत असेल तर शून्य, मौजेसाठी फिरत असेल तर एक, मजुरी-पगाराचे काम करत असेल तर दोन, घरकामासारखे बिनपगारी काम असेल तर तीन. विशेष म्हणजे कामावर जाण्या-येण्याचा प्रवासही 'दोन' मध्येच धरलेला आहे. म्हणून 'कामावरून परत येताना' हे तीन शब्द कधी गाळू नयेत.

खोट्या ओळीने जीवही जातो

कोड आणि भरपाई नंतरच्या गोष्टी झाल्या. पहिला प्रश्न उपचाराचा आहे.

पायरीवरून पडलेल्या माणसाचे डॉक्टर हाड तपासतात. चाकाखाली दबलेल्या माणसाचे त्याहून बरेच काही तपासावे लागते. जड वजनाखाली मांडीचा, पोटरीचा स्नायू चिरडला की त्यातील पोटॅशियम आणि स्नायूतले रंगद्रव्य रक्तात उतरते. पोटॅशियम वाढले तर हृदयाची लय बिघडते आणि रंगद्रव्याने मूत्रपिंडे बंद पडू शकतात. लघवी कमी होते, चहाच्या रंगाची होते. वेळेवर सलाइन आणि रक्ताच्या तपासण्या झाल्या तर रुग्ण वाचतो. या अवस्थेलाही आयसीडी-१० मध्ये कोड आहे, टी ७९.५.

दबलेल्या पायाच्या आत सूज वाढून रक्तपुरवठा तुटू शकतो. पाय दगडासारखा टणक लागतो, बोटे हलवली की असह्य कळ येते, मुंग्या येतात. काही तासांत शस्त्रक्रिया झाली नाही तर पाय गमवावा लागतो. पोटावरून चाक गेले तर वरून खरचटलेले दिसते आणि आत यकृत किंवा प्लीहा फाटून रक्त साचत राहते. घाम, चक्कर, फुगलेले पोट ही त्याची लक्षणे. शेतातल्या मातीची जखम असेल तर धनुर्वाताचे इंजेक्शन आणि जखमेची कसून सफाई लागते.

ताईंच्या मालकांची लघवी दुसऱ्या दिवशी काळपट झाली. डॉक्टरांना शंका आली. मुकादम नसताना त्यांनी ताईंना बाजूला घेऊन विचारले, "पायावरून काही गेले होते का?" तेव्हा कुठे खरे बाहेर आले आणि उपचार बदलले. त्या डॉक्टरांनी विचारले नसते तर काय झाले असते, ते इथे लिहिण्याची गरज नाही.

दवाखान्यात नेण्याआधीचेही थोडे लक्षात ठेवा. आधी वाहनाचे इंजिन बंद करा. जखमीला ओढाताण करून उठवून बसवू नका, मान आणि पाठ सरळ राहू द्या. रक्त वाहत असेल तर स्वच्छ कापडाने घट्ट दाबून धरा. हळद, चहापूड, माती जखमेत भरू नका. १०८ ला फोन करा आणि किती वेळ वजनाखाली दबला होता, ते सांगा.

भरपाईशी काय संबंध?

कोड म्हणजे निकाल नव्हे. न्यायालय कोड पाहून भरपाई देत नाही. ते केसपेपरावरची हकीकत, पोलिसांचा पंचनामा, साक्षीदार हे सगळे पाहते. पण कोड आणि हकीकत एकाच ओळीतून निघतात. अपघाताच्या दिवशी, कोणताही दावा डोक्यात नसताना लिहिलेली ओळ म्हणून तिला वजन असते. तीच ओळ खोटी निघाली तर समोरचा वकील पहिले बोट तिच्यावर ठेवतो.

ट्रॅक्टर कायद्याने मोटार वाहनच आहे. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ नुसार, चूक कोणाची हे सिद्ध न करताही, मृत्यू झाल्यास ५ लाख आणि गंभीर दुखापतीला अडीच लाख रुपये भरपाई मागता येते. मोठ्या दाव्यासाठी कलम १६६ आहे. त्यात १ एप्रिल २०२२ पासून अपघातापासून सहा महिन्यांत अर्ज करण्याची मुदत घातलेली आहे, म्हणून वेळ दवडू नये. ट्रॅक्टर माणसे वाहण्यासाठी नाही असे सांगून विमा कंपन्या अशा दाव्यांवर हरकत घेतात. ही लढाई सोपी नसते, म्हणूनच वकिलाचा सल्ला लवकर घ्यावा.

कामावर असताना लागले असेल तर मालकाकडून भरपाई मागण्याचा रस्ता आहे. हा हक्क आधी १९२३ च्या नुकसानभरपाई कायद्यात होता, आता तो सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० मध्ये आणलेला आहे. दाव्याची मुदत दोन वर्षांची. बांधकाम कामगार मंडळाकडे नोंदणी असलेल्या कामगाराचा कामावर असताना मृत्यू झाला तर वारसाला ५ लाख रुपये मिळतात, नैसर्गिक मृत्यूला २ लाख. 'कामावर असताना' हे शब्द कागदावर असणे-नसणे यात तीन लाखांचा फरक आहे. शेतकरी अपघात योजना सातबारावर नाव असलेल्या शेतकऱ्याच्या कुटुंबासाठी आहे. भूमिहीन मजुराला ती आधार देत नाही, म्हणून त्याला तर कामाची नोंद अधिकच जपावी लागते.

खासगी आरोग्य विम्याच्या दाव्यात रुग्णालयाने भरायचा एक भाग असतो. त्यात आयसीडी-१० कोडचे रकाने असतात आणि इजा रस्ता-अपघाताने झाली का, एमएलसी नोंद झाली का, हेही विचारलेले असते.

दुर्दैवाने मृत्यू झाला, तर मूळ कारण म्हणून मोडलेल्या हाडाचा कोड धरत नाहीत. अपघाताचा व्ही कोड धरतात. रुग्णालयाच्या मृत्यू-कारणाच्या प्रमाणपत्रात 'इजा कशी झाली' असा स्वतंत्र प्रश्न असतो. आपल्याला मिळणाऱ्या मृत्यूच्या दाखल्यावर कारण छापलेले नसते. म्हणून कारणाच्या प्रमाणपत्राची प्रत रुग्णालयाकडून मागून घ्या. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात २०२३ मध्ये झालेल्या दुरुस्तीने जवळच्या नातेवाइकाला ती प्रत देणे रुग्णालयावर बंधनकारक केले आहे.

काय सांगावे, काय करावे

केसपेपरावर डॉक्टर इंग्रजीत 'अलेज्ड हिस्ट्री ऑफ' असे लिहितात. काही जणांना वाटते, डॉक्टर आपल्यावर संशय घेतात. तसे नाही. 'रुग्णाच्या किंवा सोबतच्या माणसाच्या सांगण्यानुसार' एवढाच त्याचा अर्थ. म्हणजे आपण जे सांगू, तेच तिथे उतरते. म्हणून बोलणारा माणूस आपला असावा. शुद्धीत असेल तर जखमीने स्वतः सांगावे, नाहीतर अपघात पाहिलेल्या नातेवाइकाने. मालक, मुकादम, ठेकेदार यांना आपल्या वतीने बोलू देऊ नका.

चार गोष्टी न चुकता सांगा.

एक, वाहन कोणते : ट्रॅक्टर, ट्रॉलीसह ट्रॅक्टर, जेसीबी, डंपर, फोर्कलिफ्ट. नंबर माहीत असेल तर तोही.

दोन, आपण कुठे होतो : चालवत, आत बसलेले, मडगार्डवर, चढत-उतरत की पायी.

तीन, जागा कोणती : सार्वजनिक रस्ता, शेत, साइट की कारखान्याचे आवार. गावाचे नाव आणि वेळ.

चार, काय करत होतो : मजुरीचे काम, कामावर जाणे-येणे की इतर काही.

हे सांगून झाल्यावर "डॉक्टर, काय लिहिले ते वाचून दाखवता का?" असे नम्रपणे विचारा. अपघाताच्या केसमध्ये एमएलसी नोंद होते आणि पोलिसांना कळवले जाते. त्याला घाबरू नका, एमएलसीचा नंबर टिपून घ्या. एमएलसी झाली म्हणून उपचार थांबत नाहीत.

खोटे वाढवूनही सांगू नका. शेतात झालेला अपघात रस्त्यावरचा सांगितला तर तेही उद्या उलटते. जे घडले तेच, पण पुरे सांगावे.

चुकीचे लिहिले गेले असेल तर खाडाखोड करायला सांगू नका, खाडाखोडीने कागदाची किंमत जाते. खरी हकीकत लिहून, तारीख घालून, सही किंवा अंगठा करून रुग्णालयाला अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. डॉक्टर नवी नोंद तारखेसह जोडू शकतात. त्याचबरोबर संपूर्ण इनडोअर केसपेपरांच्या प्रती लेखी मागा. वैद्यकीय परिषदेच्या २००२ च्या नियमांप्रमाणे लेखी मागणीनंतर ७२ तासांत त्या द्यायच्या असतात आणि उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षे कागद जपून ठेवायचे असतात. डिस्चार्ज कार्ड म्हणजे सगळे कागद नव्हेत.

ताईंच्या बाबतीत हेच उपयोगी पडले. आम्ही त्यांना अर्ज लिहून दिला आणि रुग्णालयाकडून सगळ्या पानांच्या प्रती आल्या. दुसऱ्या दिवसाच्या पानावर त्या डॉक्टरांच्या हातची ओळ होती : ट्रॅक्टरच्या ट्रॉलीचे चाक मांडीवरून गेल्याचे पत्नी सांगते, रस्त्यावर, कामावरून परतताना. खाली तारीख, वेळ आणि सही. डिस्चार्ज कार्ड तयार करणाऱ्याने पहिले पान उतरवून घेतले होते, हे पान उघडलेच नव्हते.

दाव्याचा निकाल अजून लागलेला नाही. ते आता काठी घेऊन चालतात. मुलीची शाळा सुटू नये म्हणून ताई दोन घरची धुणीभांडी करतात. पण अर्जासोबत आता पायरीची ओळ एकटी नाही, तिच्या पुढे खरी ओळ जोडलेली आहे.

आपल्या घरात, शेजारात ट्रॅक्टर, जेसीबी, डंपरजवळ काम करणारे कोणी असेल तर वरच्या चार गोष्टी त्यांना आज संध्याकाळीच सांगा. घरात वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेवा. आणि असे जुने कागद कोणाकडे पडून असतील, तर ते घेऊन रविवारी विहारात या. आपण बसून वाचू.